एकतीस नोंदींचं चारित्र्य

६ ऑगस्ट, सकाळी

निवड झाली. शाळेच्या ग्रंथालयात मदतनीस. वय त्रेपन्न असूनही! उमेदवार तीन होतो. एकाला धुळीची अ‍ॅलर्जी निघाली, एक मुलाखतीला आलाच नाही. तरी स्पर्धा ती स्पर्धा.

मुख्याध्यापिका बाई म्हणाल्या, बाकी कागद ठीक आहेत, फक्त पोलिसांचा चारित्र्याचा दाखला तेवढा आणा. लहान मुलांत काम म्हणजे तो लागतोच. एक सप्टेंबरला हजर व्हा. मी म्हटलं, दोन दिवसांत टेबलावर ठेवतो.

बावीस वर्षं पोलीस चौकीसमोर झेरॉक्सचं दुकान चालवलं. लोक मोबाइलवर फोटो काढायला लागले आणि दुकान बसलं, ते वेगळं. पण त्या चौकीने मला दाखला देणं म्हणजे आईने, हा माझाच मुलगा, असं लिहून देण्यासारखं आहे.

संकल्प:
१. पहिल्या पगारापासून हिचं शिलाई मशीन बंद. डॉक्टरांनी मानेला पट्टा दिलाय आणि सहा महिने मशीनला हात लावायचा नाही म्हणून बजावलंय. ही पट्टा लावून मशीन चालवते.
२. पुस्तकं नव्या पद्धतीने लावायची. पद्धत शोधायची आहे.
३. रोज रोजनिशी लिहायची.

९ ऑगस्ट

मधले दोन दिवस लिहिलं नाही. विशेष काही घडलं नव्हतं.

आज चौकीत गेलो. बाकडी तीच, माणसं नवी. दुकानात यायचे ते आपले हवालदार गेल्या वर्षी वारले. खिडकीत एक मुलगी कॉम्प्युटर घेऊन बसलेली. तिला सांगितलं मी कोण ते. ती म्हणाली, टोकन घ्या.

टोकन क्रमांक बेचाळीस. माझ्या आयुष्यातलं या चौकीतलं पहिलं टोकन. पूर्वी मी सरळ आत जाऊन चहा घ्यायचो.

शेजारी एक रंगारी बसला होता. नखांत पांढरा रंग, स्वभावाने गरीब. सरकारी दवाखान्यात कायम रंगाऱ्याची जागा मिळतेय, दाखला हवाय. म्हणाला, काका, तुम्हाला सवय दिसते, फॉर्म भरून द्याल का. दिला भरून. त्याची एक जुनी नोंद आहे म्हणे, त्यामुळे दोनदा नकार आला. मी त्याला समजावलं की माणसाने पहिल्यापासून जपून राहावं. तो हो म्हणाला.

माझ्या फॉर्ममध्ये एक रकाना होता: पोलिसांशी पूर्वी संबंध आला आहे का, असल्यास तपशील. लिहिलं: होय. बावीस वर्षे. घनिष्ठ.

१९ ऑगस्ट, दुपारी

मेसेज आला. दाखला नाकारला. कारण: अर्जदाराचे नाव एकतीस गुन्ह्यांच्या कागदपत्रांत आढळते.

एकतीस!

चारदा वाचला. हिला दाखवला. ही टाके घालता घालता म्हणाली, सत्तावीस वर्षं संसार केला, मला वाटायचं तुम्हाला साधं दूध उतू जाण्यापासून वाचवता येत नाही, आणि तुम्ही बाहेर एवढं कर्तृत्व गाजवून येत होतात.

२० ऑगस्ट

उलगडा झाला. ते एकतीस म्हणजे माझे पंचनामे!

पोलिसांनी कुठे झडती घेतली, काही जप्त केलं, की दोन बाहेरच्या माणसांनी ते समोर उभं राहून पाहायचं आणि कागदावर सही करायची. ते पंच. आपले हवालदार दुकानात यायचे, म्हणायचे, काका, एक सही. लोक पळ काढतात अशा कामाला. मी कधी नाही म्हटलं नाही. हे माझं समाजकार्य. सहीखालचा फराटा मी खास त्यासाठी बसवला होता.

आता नव्या सिस्टीममध्ये नाव टाकलं की सगळ्या कागदांतून नाव निघतं. चोर कोण आणि पंच कोण हे तिला कळत नाही. खिडकीतली मुलगी म्हणाली, चूक रकान्याची आहे, तुम्ही फक्त पंच होतात एवढं एका कागदावर लिहून द्या, मी साहेबांसमोर ठेवते, आठ-दहा दिवसांत होईल. म्हणजे एक तारखेच्या आत मिळेल.

मी म्हटलं, बाई, मी लिहून द्यायचं? चूक तुमची आणि अर्ज माझा? ती म्हणाली, मग काय करू? मी म्हटलं, आता मी काय करतो ते पाहा.

बाहेर आल्यावर फार मोकळं वाटलं.

२१ ऑगस्ट

हिचं मत: लिहून द्या की चार ओळी, हात झिजतोय का.
माझं मत: प्रश्न चार ओळींचा नाही.
हिचं मत: मग किती ओळींचा आहे?
माझं मत: तत्त्व ओळींत मोजत नाहीत.

२६ ऑगस्ट

वकील केला. तरुण आहे, सारखा घड्याळ बघतो. मी दोन नोटिसा काढायला लावल्या, एक चौकीला, एक शाळेला. तो म्हणाला, शाळेने काय केलंय? मी म्हटलं, दाखला मागितलाय. तो म्हणाला, शाळेला दुखवू नका. अनुभव कमी पडतो त्याचा.

१ सप्टेंबर

आज हजर व्हायचं होतं. झालो नाही. इस्त्रीचा शर्ट घालून घरीच बसलो.

५ सप्टेंबर

मुख्याध्यापिका बाईंचा फोन. नोटीस मिळाली. आवाज थंड. म्हणाल्या, मी तुमच्यासाठी पंधरा दिवस थांबायला संचालकांना तयार केलं होतं हो, आणि तुम्ही मलाच नोटीस पाठवलीत? आता प्रकरण वकिलाकडे गेलं. निकाल लागेपर्यंत ती जागा कुणालाच देता येणार नाही.

म्हणजे जागा माझ्यासाठी सुरक्षित झाली. हिला सांगितलं. ही कापड मोजत होती. गणवेशांची ऑर्डर आली आहे, त्याच शाळेची. ऐंशी नग.

संकल्प: निकाल लागेपर्यंत घरातली सगळी भांडी मी घासणार.

८ सप्टेंबर

भांड्यांच्या पावडरीने बोटांना खाज येते. तूर्त स्थगिती.

१७ सप्टेंबर

अपील दाखल. वकील म्हणतो, सोपं आहे, चौकीचे लोक पहिल्याच तारखेला रकाना दुरुस्त करून देतो म्हणतील, आपण बरं म्हणायचं आणि घरी यायचं. मी म्हटलं, एवढ्यावर भागणार नाही. न्यायालयाला माझ्या कामाची व्याप्ती कळली पाहिजे.

एकतीस पंचनाम्यांच्या नकला मागवल्या. त्यांवरून तक्ता करतोय. तारीख, वेळ, ठिकाण, काय पाहिले. चार रंगांची पेनं आणली.

२५ सप्टेंबर

तक्ता जोरात. क्रमांक नऊपर्यंत आलो. 'काय पाहिले' या रकान्यात अडचण येते. बऱ्याच गोष्टी आठवत नाहीत. बावीस वर्षं झाली, माणूस किती लक्षात ठेवणार? तूर्त सगळीकडे 'सर्व काही' असं लिहिलं आहे. हिरव्या पेनने.

३ ऑक्टोबर

चौकीत नकलांचा उरलेला गठ्ठा आणायला गेलो, तर रंगारी परत बसलेला. तिसरा नकार. त्याला चहा पाजला, माझ्या अपिलाची हकीकत सांगितली. फार लक्ष देऊन ऐकतो. म्हणाला, काका, तुमचं बरं आहे, तुम्हाला लढता येतं. मी म्हटलं, बारा नोव्हेंबरला कोर्टात ये, बघ कसं लढतात ते. येतो म्हणाला.

मग त्याने आपलं सांगितलं. नऊ वर्षांपूर्वी त्याच्या खोलीत पोलीस शिरले, कॉटखालून तांब्याच्या तारेचं भेंडोळं काढलं. ते त्याचं नव्हतं म्हणतो. आठ महिने आत. बायको माहेरी गेली ती गेलीच. कोर्टात सांगितलं की खोलीत दोन पोलिसांशिवाय कुणी नव्हतं, पण पंचनाम्यावर दोन पंचांच्या सह्या होत्या. सहीपुढे माझं तोंड काय चालणार काका, म्हणाला.

तारीख विचारली. नऊ मार्च म्हणाला. ती तारीख मी जन्मात विसरणार नाही म्हणाला.

चहा थंड होता. बदलून मागितला.

४ ऑक्टोबर

तक्त्यात क्रमांक सतरा. नऊ मार्च, सकाळी सव्वाअकरा, भाड्याची खोली, तांब्याची तार. माझी सही.

लोकांची स्मरणशक्ती किती कच्ची असते! घाबरलेल्या माणसाला खोलीत कोण होतं ते कसं आठवणार? सही आहे म्हणजे मी होतोच.

६ ऑक्टोबर

क्रमांक अठरा. नऊ मार्च, सकाळी सव्वाअकरा, लाकडाची वखार. हीसुद्धा माझी सही. फराटा जरा घाईत काढलेला.

वखार आणि ती खोली यांत नऊ किलोमीटर अंतर आहे. सायकलवर त्या काळी मी बराच वेगवान होतो.

७ ऑक्टोबर, संध्याकाळी

बटणं लावता लावता हिने तक्ता वाचला. मला वाटलं अक्षराची तारीफ करील. नऊ मार्चवर बोट ठेवलं आणि म्हणाली, हे कसं? त्या दिवशी माझं पित्ताशयाचं ऑपरेशन नव्हतं का? सकाळी आठपासून तुम्ही दवाखान्यात. शुद्धीवर आले तेव्हा स्टुलावर बसून माझी फणी साफ करत होतात. नर्स हसत होती.

खरं आहे. आठवलं. आदल्या दिवशी हवालदार दुकानात आले होते. म्हणाले, काका, उद्या तुम्ही वहिनींच्या गडबडीत असाल, तुम्हाला कशाला त्रास, दोन कोऱ्या कागदांवर आत्ताच सह्या करून ठेवा. किती विचार करायचा तो माणूस दुसऱ्याचा!

हिला हे सांगितलं. ही बराच वेळ बोटातलं बटण फिरवत बसली. मग विचारलं, एकतीसपैकी किती ठिकाणी गेला होतात? मी म्हटलं, मोजायला हवं.

मोजलं. आठ. एका ठिकाणी फाटकापर्यंत. साडेआठ म्हणायला हरकत नाही.

१५ ऑक्टोबर

वकिलाला तक्ता दाखवला. त्याने पहिल्यांदाच घड्याळ बघितलं नाही. म्हणाला, हा कागद घरी ठेवा. जाळलात तरी चालेल. कोर्टात फक्त एवढंच म्हणायचं: मी आरोपी नाही, पंच आहे.

तक्ता न्यायचा नाही म्हणतो. चार रंग!

संकल्प: वकिलाचं ऐकायचं.

२ नोव्हेंबर

रस्त्यात रंगारी भेटला. बारा तारखेला सुट्टी घेतली म्हणाला, कामाचा दिवस मोडून येतो. मी म्हटलं, कशाला उगाच, कंटाळवाणं असतं. तो म्हणाला, नाही काका, तुमच्याकडून शिकायचंय. तक्ता बघायला मिळेल का विचारत होता. म्हटलं, अक्षर फार बारीक आहे.

दुसऱ्या रस्त्याने घरी आलो. तो लांबचा आहे, पण चालणं चांगलं.

११ नोव्हेंबर

हिची मान आज वळतच नाही. बाजूला बघायचं तर सगळी फिरते, कपाटासारखी. तरी उद्या येते म्हणाली. म्हटलं, घरी पडून राहा. म्हणाली, एवढा नवरा गाजतोय, बघू तरी द्या.

संकल्प: उद्या एकच वाक्य बोलायचं.
तक्ता पिशवीत ठेवला आहे. न्यायचा म्हणून नाही. पिशवीला आधार हवा असतो.

१२ नोव्हेंबर, दुपारी चार

जिंकलो.

पहिल्या पाच मिनिटांत. चौकीच्या वकिलाने उभं राहून सांगितलं की चूक सिस्टीमची आहे, एकतीसही ठिकाणी नाव पंच म्हणून आहे, आठ दिवसांत निर्मळ दाखला देतो. न्यायाधीश बाई म्हणाल्या, मग प्रश्न मिटला. आमच्या वकिलाने फाइल मिटली. ही मागच्या बाकावर होती. तिच्या पलीकडे रंगारी, धुतलेल्या शर्टात. दोघांची ओळख नाही, पण तिला टेकायला जागा मिळावी म्हणून तो कडेला सरकून बसला होता.

बाईंनी विचारलं, अर्जदारांना आणखी काही सांगायचंय का? रीतीप्रमाणे विचारतात. नाही म्हणायचं असतं.

मी तक्ता काढला.

वकिलाने माझा शर्ट मागून ओढला. एक टाका उसवला. मी एवढंच म्हणालो की न्यायालयाने माझ्या सेवेची एकदा नोंद घ्यावी. बाईंनी चष्मा लावला. हिरव्या रंगाचं कौतुक केलं. मग सतरा आणि अठरावर थांबल्या. विचारलं, एकाच वेळी दोन ठिकाणी?

चौकीचा वकील घाईघाईने म्हणाला, वेळ लिहिण्यात कारकुनाची चूक. बाई म्हणाल्या, असेल. मला विचारलं, मग यांतल्या कुठल्या ठिकाणी होतात तेवढं सांगा, दुरुस्त करून घेऊ.

सोपं होतं. वखारीत म्हणालो असतो तर रंगाऱ्याचं सुटलं असतं थोडंफार. खोलीत म्हणालो असतो तर चौकी खूश. कुठलंही एक म्हटलं असतं तरी आठ दिवसांत दाखला.

मागे बघितलं. ही मान न वळवता सरळ माझ्याकडे बघत होती. एवढ्या वर्षांत मी तिच्यासाठी धड केलेली एकच गोष्ट आहे, त्या दिवशी तिथे बसून होतो. ती समोर असताना, मी वखारीत होतो, असं कसं म्हणणार?

म्हणालो, दोन्हीकडे नव्हतो. दवाखान्यात होतो. हिचं ऑपरेशन होतं.

 टायपिस्ट थांबला. बाईंनी विचारलं, तुम्ही काय बोलताय ते कळतंय ना? मी म्हटलं, हो. कळत नव्हतं खरं तर.

एकतीस नोंदी दुरुस्त करण्याचा आदेश झाला. म्हणजे जिंकलोच. त्यापुढेही आदेशात बरंच काही होतं. रंगाऱ्याची जुनी फाइल मागवली, ते ऐकलं. त्यानंतर माझ्याबद्दल होतं, तेव्हा कान गरम झाले होते, नीट ऐकू आलं नाही.

१२ नोव्हेंबर, पुन्हा

एक राहिलं. बाहेर जिन्यात रंगारी उभा होता. मला वाटलं मारतो आता. किंवा पाया पडतो. दोन्हींची तयारी ठेवली होती.

तो एक पायरी खाली उतरला. मग म्हणाला, काका, तुम्ही त्या दिवशी चहा बदलून मागितलात ना, तेव्हाच मला कळलं होतं. तरी म्हटलं, येऊन बघू, काय म्हणतात.

आणि गेला. नमस्कार वगैरे काही नाही. हिला मात्र म्हणाला, वहिनी, पायरी सांभाळा.

२० नोव्हेंबर

चौकीत बोलावलं होतं. जबाब द्यायला. ती खिडकीतली मुलगीच टाइप करत होती. मी म्हटलं, तेव्हा चार ओळी लिहून दिल्या असत्या तर? ती म्हणाली, तर आज तुम्ही शाळेत पुस्तकं लावत असता काका. वाईट वाटल्यासारखं म्हणाली.

जबाब सहा पानांचा झाला. चार ओळींपेक्षा किती तरी जास्त.

२८ नोव्हेंबर

शाळेचं पत्र. प्रकरण निकाली निघाल्याने जागा भरली आहे. धुळीच्या अ‍ॅलर्जीवाल्याला घेतलं. मास्क लावून काम करतो म्हणे. बघू किती दिवस टिकतो.

हिने विचारलं, वरच्या कोर्टात जाता का? टोमणा आहे की प्रश्न, कळलं नाही. विचार करतो म्हणालो. विचार केला नाही.

१४ डिसेंबर

काजं करायला शिकतोय. माणसाला कुठलंही काम हलकं नसतं. महिन्याभरात हिच्यापेक्षा नीट करीन.

१६ डिसेंबर

सात गणवेशांची काजं उसवावी लागली. हिने. पट्टा लावून.

३ जानेवारी, सकाळी अकरा

पोस्टमन आला. रजिस्टर पत्र, सही हवी म्हणाला. कागद पुढून वाचला, मागून वाचला, तारीख तपासली. तो म्हणाला, काका, अजून सगळी गल्ली बाकी आहे. म्हटलं, थांब जरा. मग सही केली. फराटा काढला नाही.

दाखला होता. आदेशानुसार दुरुस्त केलेला, शिक्क्यासकट. आधीच्या एकतीस नोंदी रद्द. अर्जदाराविरुद्ध गुन्हे: एक. घटनास्थळी हजर नसताना पंचनाम्यावर सही करणे. तपास चालू.

हिला वाचून दाखवला. ही म्हणाली, एकतीसवरून एकवर आलात, सुधारणा आहे. मग मशीन थांबवून कागद हातात घेतला, लांब धरून स्वतः वाचला, घडी घालून परत दिला. मानेला आता बरंय का विचारलं. म्हणाली, आहे तशीच आहे.

दाखल्यावर तीस दिवसांत हरकत घेता येते, असं खाली बारीक अक्षरात छापलं आहे. पेन घेऊन बसलो. पहिल्या शब्दापासून शेवटच्या शिक्क्यापर्यंत तीनदा वाचला.

एकही चूक सापडली नाही.